काचेच्या तारेतली ठिणगी

मी धाराशिव जिल्ह्यात फायबरचं इंटरनेट बसवतो, आणि झकास बसवतो. स्वतःच्या तोंडानं सांगावं लागतंय, कारण दुसरं कुणी सांगत नाही! येडशीच्या माकडांनी केबलवर झोके घेतले, तरी माझा जोड निसटला नाही. त्यामुळं तेरखेड्याचं काम आलं तेव्हा मी म्हणालो, "हे तर डाव्या हाताचं काम!"

तेरखेडा म्हणजे फटाक्यांचं गाव. कारखाने गावाबाहेर, शेतांच्या कडेला. घरात फटाक्याच्या दारूचा कणसुद्धा आणत नाहीत. पण सवय ती सवय. गावात बिडी ओढणारा माणूससुद्धा आधी चारी दिशांना बघतो, मग खिशात हात घालतो. अशा गावात बशीरचाचांचा कारखाना, आणि त्यांच्याच घरी मला लाइन द्यायची होती.

घाईचं कारण युसरा. ही चाचांची लेक, रसायनशास्त्रात एम.एस्सी. झालेली. पुण्याच्या एका प्रयोगशाळेनं तिला ऑनलाइन मुलाखतीला बोलावलं होतं, त्याच दिवशी दुपारी बारा वाजता. याआधीच्या तिच्या दोन मुलाखती मोबाइलच्या रेंजनं गिळल्या होत्या. एकीत तर "तुमच्या अपेक्षा काय?" असं साहेबांनी विचारलं आणि युसराचं तोंड उघडंच्या उघडं गोठून राहिलं. साहेबांना वाटलं, बाईंच्या अपेक्षा फारच मोठ्या आहेत! ही तिसरी गेली, तर यंदा पुन्हा कुणी बोलावणार नव्हतं.

"गावाभाईर चिंचंखाली रेंज येते की फुल्ल," मी गेलो तेव्हा चाचा सांगत होते. "पण मुलाखत काय चिंचंखाली द्यायची? म्हशी येतेत, पोरं वाकुल्या दावतेत. पोरीची काय इज्जत हाय का न्हाय?"

"चाचा, काळजी सोडा. अकराला लाइन चालू!"

चाचांनी माझ्या हातातली केबल बोटांत धरून पाहिली. "ह्यात करंट असतंय?"

"अजिबात नाही. आत काचेची बारीक तार असते. तिच्यातून फक्त उजेड जातो."

"उजेड म्हंजे आगच की वो!"

"थंड उजेड, चाचा. करंट नाही, ठिणगी नाही."

"बघा हं कैवल्यभाऊ. आमच्याकडं ठिणगीचा लई कडक कायदा हाय."

"ठिणगी दिसली तर माझं नाव बदला!" मी छाती फुगवून म्हणालो.

आता तारेत ठिणगी नसते, हे शंभर टक्के खरं. पण काचेच्या दोन तारा एकमेकींना जोडायच्या कशा? त्यासाठी आमच्याकडं स्प्लायसिंग मशीन असतं. डब्याएवढं. त्यात दोन टोकं समोरासमोर ठेवायची, झाकण लावायचं, बटण दाबायचं. आत विजेची इवलीशी ठिणगी उडते आणि काच वितळून एकजीव होते. हे मी रोज इतक्या वेळा करतो, की तिला ठिणगी म्हणतात हेच माझ्या डोक्यातून गेलं होतं!

माणिकप्पा हा आमचा लाइनमन. तो कोपऱ्यावरच्या खांबाला शिडी लावून वर चढला आणि त्यानं केबल ओढून दिली. मी ती खिडकीतून आत घेतली आणि ओसरीवर बैठक मारली. हमिदाचाची, म्हणजे युसराची आई, तिथंच दोन शेजारणींबरोबर फटाक्यांसाठी कागदाच्या रिकाम्या नळ्या वळत बसल्या होत्या. युसरा आतल्या खोलीत मोबाइल हातात धरून उत्तरं पाठ करत येरझाऱ्या घालत होती. ओढणी इस्त्रीची, चेहरा परीक्षेचा.

अकरा वाजून गेले होते, पण बाराच्या आत काम होणार होतं. मी तारा सोलल्या, पुसल्या, कापल्या, मशीनमध्ये ठेवल्या. मशीनच्या पडद्यावर त्या केसाएवढ्या तारा मोठ्या होऊन दिसतात. हमिदाचाची कौतुकानं वाकून बघायला लागल्या.

"अगं बाई, वातीवानी दिसतेत की!"

"जादू बघा आता, चाची!" मी म्हणालो आणि बटण दाबलं.

ठिणगी उडाली. होती मुंगीच्या डोळ्याएवढी. पण पडद्यावर? पडद्यावर दोन जाडजूड वाती आणि त्यांच्या मधोमध पांढराफेक जाळ!

"या अल्ला! ठिणगी! पळा!" हमिदाचाची ओरडल्या.

तेरखेड्याचा कायदा तेव्हा मला कळला. ठिणगी म्हटलं की आधी पळायचं, विचारायचं नंतर. शेजारणी उठल्या, नळ्या उधळल्या. आवाज गल्लीत गेला, गल्लीतून चौकात गेला. कुणी "कुठं?" म्हणून विचारलं नाही. पोरं काखेत, म्हातारी पाठुंगळीला, शेळ्या पुढं. एकजण तर अर्धी दाढी केलेला तसाच बाहेर पळाला!

आणि मी? खरं सांगतो, ठिणगी माझीच आहे हे मला सुचलंच नाही! मला वाटलं, कारखान्यातच काहीतरी झालं. मी असा सुटलो, की हमिदाचाचींना, शेळ्यांना आणि अर्ध्या दाढीवाल्याला मागं टाकून चिंचेखाली पहिला पोचलो.

तिथं बशीरचाचांनी एकेकाचं नाव घेऊन हजेरी सुरू केली. तोही कायदाच. सगळे "हाय", "हाय" म्हणत होते. कुणाला खरचटलंसुद्धा नव्हतं.

"तुमचा माणिकप्पा कुठंय?" चाचांनी विचारलं.

तेवढ्यात गावाकडून त्याचा आवाज आला, "ओ! शिडी कुणी नेली वो?"

शिडी आमच्यासोबतच चिंचेखाली आली होती. माळ्यावर कुणी अडकलं असलं तर लागेल म्हणून अबुजरनं, चाचांच्या शेजाऱ्यानं, ती उचलून आणली होती. माणिकप्पा खांबाला मिठी मारून आख्खं रिकामं गाव बघत बसला होता!

"आग कुठं लागली, कुणी बघितलं?" चाचांनी विचारलं.

हमिदाचाचींनी माझ्याकडं बोट केलं. "ह्यांच्या डब्यात! दोन वाती, मधी जाळ. म्या ह्या डोळ्यानं बघितला!"

"काळजी न्हाय," अबुजर म्हणाला. "म्या निघताना त्या डब्यावर वाळूची बादली रिकामी केलीया."

माझं मशीन! मग मान खाली घालून मी सगळं समजावून सांगितलं. ठिणगी खरी, पण टीचभरही नाही. बोललो ते मी, विसरलो तेही मीच. चाचा फक्त युसराकडं बघत होते आणि त्यांचा चेहरा उतरला होता. बारा वाजायला आले होते. घरी लाइन नव्हती, मशीन वाळूत गाडलेलं होतं आणि या सगळ्याला कारण एकटा मी होतो. मला खरोखर रडू यायला लागलं.

तोच युसराच्या हातातला मोबाइल वाजला. मुलाखत! चिंचेखाली रेंज फुल्ल!

तिनं एक क्षण माझ्याकडं बघितलं. ते बघणं मी अजून विसरलो नाही. मग ओढणी सारखी केली आणि फोन उचलला. चाचांनी हात वर केला, तसा सगळा जमाव गप्प झाला. म्हैस तेवढी रवंथ करत राहिली.

पडद्यावर दोन साहेब आणि त्यांच्या मधे एक बाई होत्या. त्यांनी रसायनांचं विचारलं, युसरानं धडाधड सांगितलं. मग मधल्या बाईंनी विचारलं, "समजा, प्रयोगशाळेत आग लागल्याचा संशय आला. तुम्ही आधी काय कराल?"

"आधी सगळ्यांना बाहेर काढीन. मोकळ्या जागी हजेरी घेईन. वाळू तयार ठेवीन. कारण मग शोधीन."

"हे पुस्तकात असतं. प्रत्यक्षात माणसं ऐकतात का?"

युसरानं मोबाइल फिरवला. चिंचेखाली आख्खी गल्ली, म्हाताऱ्या, पोरं, शेळ्या, शिडी धरलेला अबुजर आणि फेस वाळलेली अर्धी दाढी!

"मॅडम, हे आत्ताच केलंय. माझ्या आईनं एकदाच सांगितलं."

पडद्यावरचे तिघंही गोठल्यासारखे दिसले. माझ्या तोंडून निघून गेलं, "रेंज गेली वाटतं!" पण रेंज गेली नव्हती. ते बघत होते.

आठवड्यात युसराला नोकरी लागली. मी मशीन झाडूनपुसून पुन्हा गेलो आणि चाचांच्या घरची लाइन चालू करून दिली, या वेळी जोड गावाच्या वेशीबाहेर केला. चाचांनी पेढा दिला. म्हणाले, "तुमचं इंटरनेट लई भारी हाय वो. चालू व्हायच्या आधीच पोरीला नोकरी लागली!"

मी हसलो. माझा नंबर त्यांच्याकडं आहे का, हे बघायला त्यांना मिस कॉल दिला. त्यांच्या फोनवर नाव झळकलं: "ठिणगीवाले."

ठिणगी दिसली तर नाव बदला, हा शब्द माझाच होता. आता तेरखेड्यात कैवल्य म्हणून विचारलंत, तर माझा पत्ता कुणीही सांगणार नाही.