दार एक, खिडक्या दोन

"बाळा, ताबा घ्यायला गेलास की भिऊ नकोस. तुझ्यापेक्षा ते घर जास्त भ्यालेलं असतं!"

नोकरीच्या पहिल्या दिवशी बेलिफांचे वरिष्ठ, आमचे म्हातारे नाझरसाहेब, असं म्हणाले होते. आवाज इतका मऊ, जणू कुणी पाळण्याची दोरी ओढतंय.

त्या आवाजाच्या भरवशावर मी एकोणीस वर्षं कोर्टाचा बेलिफ आहे. हुकूम दाखवायचा, माणसं बाहेर, सामान बाहेर, दाराला कुलूप, कुलपावर लाख, लाखेवर शिक्का! आजवर एक तक्रार नाही. मी भितो, हे खरं. पण ते फक्त माझ्या गुडघ्यांना ठाऊक!

त्या दिवशीचं घर दोन खोल्यांचं. मालकीणबाईंनी ते विकत घेतलं तेव्हापासून आत भाडेकरू. घड्याळं दुरुस्त करणारा एकटा म्हातारा. बाई अकरा वर्षं भांडून जिंकल्या, पण घर आतून कधी पाहिलेलं नाही! आधीच्या बेलिफावर म्हाताऱ्यानं स्टूल फेकलं होतं म्हणे. म्हणून मी पंचनामा उंबऱ्यावरूनच केला, जिराफासारखी मान लांबवून. 'दार एक, खिडक्या दोन, गज शाबूत.'

बरोबरच्या शिपायाला बजावलं, "शेवटची वस्तू बाहेर आली की लगेच सील! थांबलास तर लोक परत घुसतात. आणि शिक्का पडला की न्यायाधीशांच्या हुकमाशिवाय तोडायचा नाही. तोडला की नोकरी गेली!"

खाट आली, स्टोव्ह आला, शेवटी ते इतिहासप्रसिद्ध स्टूलही आलं. मी सुटकेचा श्वास सोडला, तोच आतल्या खोलीत 'खट्!'

गुडघे नको म्हणाले. मी गेलो. बघतो तर म्हातारा! हातात हा एवढा स्क्रू-ड्रायव्हर!

"भिंतीवरचं घड्याळ राहिलं होतं," तो म्हणाला.

"आजोबा, बाहेर चला!" मी गरजलो. निघाला मात्र मांजराच्या पिल्लाचा आवाज.

आणि बाहेर... धाड! खडखड! मग वितळत्या लाखेचा वास.

"अरे ए! मी आत आहे!"

"साहेब?" शिपाई खिडकीशी आला. "आत काय करताय?"

"कुलूप काढ आधी!"

"शिक्का पडला की हो! नोकरी जाईल."

"माझी जाईल, तुला काय!"

"तोडणार मी, साहेब. म्हणजे माझी!"

त्याच्यामागून मालकीणबाईंचा चेहरा उगवला. "ताबा मिळाला ना मला? मग माझ्या घरात तुम्ही कोण? अकरा वर्षं एकाशी भांडले, आता दोघांशी भांडू?"

"बाई, मी कोर्टाचा माणूस!"

"शोभतं हो कोर्टाला!"

शेवटी शिपाई अर्ज घेऊन कोर्टात निघाला. "तीन वाजता न्यायाधीशांपुढे ठेवतो. काय लिहू? 'बेलिफानं स्वतःला सील केलं'?"

एकोणीस वर्षांची नोकरी त्या एका ओळीत बुडणार होती!

म्हातारा आतल्या खोलीत मागच्या भिंतीतल्या फळ्यांना पाठ टेकून बसला. मांडीवर घड्याळ, मुठीत स्क्रू-ड्रायव्हर. मी समोरच्या कोपऱ्यात, भिंतीत शिरता येतं का बघत. त्याच्याजवळ जाण्याची छाती नव्हती. रिकाम्या खोलीत ती टिकटिक घणासारखी पडत होती. एक वाजला. दोन वाजले. त्यानं मुठीतला स्क्रू-ड्रायव्हर जरा हलवला, की माझं काळीज देठातून हलायचं.

अडीच वाजता तो उठला. माझ्याकडे वळला. संपलं, म्हणून मी डोळे मिटले!

करकर झाली. चेहऱ्यावर ऊन आलं. डोळे उघडले, तर त्या फळ्यांचं दार झालं होतं आणि दारापलीकडे बोळ!

"हे... दार आहे?"

"पहिल्यापासून."

बोळातून धावलो तर अर्ज थांबवता येणार होता! या दारासाठी माझ्या पिशवीत दुसरं कुलूपही होतं! नोकरी वाचत होती, तशी माझी वाचाही परत आली.

"अहो, मग दोन तास तोंड शिवलं होतं काय?"

म्हाताऱ्यानं घड्याळ छातीशी धरलं. पाय उंबऱ्यापाशी अडले.

"एकट्यानं बाहेर पडायची भीती वाटत होती, साहेब. तुम्ही माझ्याहून जास्त भ्यालेले दिसलात. म्हटलं, बसू थोडा वेळ दोघं."