गालफुग्याच्या पोटात एकशे अठरा किलो

सोमवारी सकाळी नऊ वाजता कारखान्यात कचऱ्याचे तीन नवे डबे उतरले, आणि तिन्ही डब्यांवर त्याचंच तोंड होतं.

आताचं नव्हे. आताच्या तोंडाकडे कुणी ढुंकूनही पाहत नसे. हे तोंड सहा वर्षांचं होतं. दोन्ही गाल टम्म फुगलेले, डोळे मिचमिचे, जबडा आ वासलेला. कचरा टाकायचं भोक नेमकं त्या जबड्यात कापलं होतं.

"कसं वाटलं सरप्राइज?" एचआर मॅडमनी टाळी वाजवत विचारलं.

सत्तावीस वर्षांपूर्वी टीव्हीवर एक मालिका लागायची. त्यात 'गालफुग्या' नावाचा एक खादाड पोरगा होता. तो घरातलं सगळं फस्त करायचा आणि पकडला गेला की पोटावर हात ठेवून म्हणायचा, "मी नाही, माझं पोट म्हणालं!" की घराघरांत माणसं हसून लोळायची. तो पोरगा म्हणजे हा. पुढे गाल गेले, आवाज फुटला, मालिका बंद पडली. नाव मात्र चिकटलं ते चिकटलंच. बँकेत, दवाखान्यात, एका चुलत्याच्या अंत्यविधीलासुद्धा लोक त्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणत, "एकदा म्हण ना रे."

मालिकेत दर आठवड्याला एक केक त्याच्या तोंडावर फुटायचा. चार वर्षं, दोनशे आठ केक. प्रत्येक वेळी उरलेला केक काळ्या पिशवीत भरून बाहेर जाताना तो विचारायचा, "हा आता कोण खाणार?" मोठी माणसं हसायची. त्यांना वाटायचं, पोरगं संवाद पाठ करतंय. पण तो प्रश्न त्याच्या डोक्यातून कधी गेलाच नाही. तिशी उलटल्यावर त्यानं सगळ्या ऑडिशनांना रामराम ठोकला, दोन वर्षं संध्याकाळच्या वर्गाला जाऊन कचरा आणि पर्यावरण या विषयातली पदविका घेतली आणि पुठ्ठ्याची खोकी बनवणाऱ्या या कारखान्यात 'शाश्वतता अधिकारी' म्हणून लागला. सहा महिन्यांची उमेदवारी होती. त्यातले पाच महिने सरले होते. सहाव्यात तपासणी. 'पर्यावरणस्नेही' असं प्रमाणपत्र मिळालं तर परदेशी गिऱ्हाईक कायमचं, आणि तोही कायम.

"मॅडम, मी ओला, सुका आणि घातक असे तीन साधे डबे मागितले होते," तो म्हणाला. "हिरवा, निळा, लाल. बस."

"अरे, साध्या डब्यात कोण टाकतं? पाच महिने तू भाषणं देतोयस, कुणी ऐकलं? आता बघ."

मॅडमनी बिस्किटाचा रिकामा कागद हिरव्या डब्याच्या जबड्यात टाकला. डब्यातून सहा वर्षांच्या पोराचा खणखणीत आवाज आला, "अजून! माझं पोट म्हणालं!"

त्यानं डब्यात डोकावून पाहिलं. "तो सुका कचरा होता. हा ओल्याचा डबा आहे."

"आवाजाचं यंत्र एकच मिळालं रे. हिरव्यात बसवलं."

तिथंच घोड्यानं पेंड खाल्ली. जो डबा बोलतो तो सोडून मुक्या डब्यात कोण टाकणार? दुपारपर्यंत चारशे माणसांनी झाडून सगळा कचरा हिरव्या गालफुग्याला भरवला. चहाचे कप, केळ्याच्या साली, पेनांच्या रिफिली, डिंकाचे डबे, कुणाचा तरी तुटलेला चष्मा. "अजून! माझं पोट म्हणालं!" निळा आणि लाल गालफुग्या बाजूला उपाशी, आ वासून उभे.

रोज पाच वाजता तो कचरा वजनकाट्यावर चढवून आकडा वहीत लिहायचा. डबे येण्याआधी रोजचा कचरा सरासरी एक्केचाळीस किलो होता. त्या आठवड्याअखेर त्रेसष्ट झाला.

"असं कसं?" त्यानं सफाईच्या मावशींना विचारलं. "माणसं तेवढीच, काम तेवढंच. कचरा दीडपट कुठून आला?"

मावशींनी हातमोजे काढले आणि त्याच्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "कुठून म्हणजे? माणसं घरून आणतात."

"कचरा?"

"हिशेब विभागातला तो टकलू दोन पिशव्या घेऊन येतो सकाळी. म्हणतो, बायकोनं दिलाय, गालफुग्याला घाल. छपाईवाले कोरे कागद चुरगळतात. अन् कालपासून नातवंडं यायला लागलीत. गेटवरच्या सुरक्षारक्षकानं वेळ ठरवून दिलीय. चार ते पाच."

तो धावत गेला. खरंच रांग लागली होती. एक आजोबा नातवाला कडेवर घेऊन न सोललेलं, न खाल्लेलं, धडधाकट केळं डब्यात टाकत होते.

"आजोबा, हे चांगलं केळं आहे!"

"त्याला काय वाईट घालू? लहान आहे तो," आजोबा म्हणाले. मग त्याच्याकडे निरखून बघत, "अरे! तूच ना तो? गाल कुठं गेले रे तुझे?" आणि नातवाला, "बघ बाळा, हाच तो. जास्त शिकला की असं होतं."

पुढच्या पंधरवड्यात त्याच्या नाकी नऊ आले. त्यानं जबड्यावर चिकटपट्टी लावली, तर 'लहान मुलाचं तोंड दाबल्याबद्दल' सूचनापेटीत सतरा तक्रारी पडल्या. यंत्राची बॅटरी काढली, तर लोकांना वाटलं गालफुग्या रुसलाय. त्याला बोलता करायला सगळ्यांनी दुप्पट भरवलं. शेवटी तो स्वतः डब्याशेजारी उभा राहिला, हातात तक्ता घेऊन. ओलं काय, सुकं काय, घातक काय, हे घसा कोरडा होईपर्यंत समजावलं. लोकांनी शांतपणे ऐकलं, त्याच्याबरोबर आणि डब्याबरोबर फोटो काढले आणि जाताना हिरव्या डब्यात चहाचा कप टाकला.

सगळ्यात वाईट अवस्था मागच्या अंगणातल्या खतखड्ड्याची झाली. ओला कचरा कुजून खत व्हायचं, ही त्याची पाच महिन्यांची मेहनत. त्यात आता रिफिली, डिंक आणि प्लास्टिक कालवलं गेलं. खत होईना, नुसतं आंबायला लागलं. आणि साहेबांच्या केबिनची खिडकी बरोबर त्या खड्ड्यावर उघडायची.

साहेबांनी त्याला बोलावलं तेव्हा त्यांच्या नाकावर रुमाल होता.

"परवा तपासणीच्या बाई येतायत. कालचा आकडा?"

"एकशे अठरा किलो."

"एकशे..." साहेबांनी रुमाल काढला, वास येताच पुन्हा लावला. "अरे, तुला कचरा कमी करायला ठेवलंय की वाढवायला?"

"साहेब, डबे बदलू या. साधे आणू. दोन महिन्यांत..."

"परवा येतायत त्या! आभाळ फाटलंय, आता ठिगळ कुठं कुठं लावणार?" साहेब पुढे वाकले. आवाज मऊ झाला. "हे बघ, वही तुझ्याच हातात आहे. एकशे अठरा म्हणजे काय? एक, एक आणि आठ. दशांश चिन्ह जरा डावीकडे सरकव. अकरा पूर्णांक आठ. चिन्ह केवढंसं असतं! टिंब ते. परवा पास झालो की तुझं कायमचं पत्र तयार. नाहीतर मग... तूच समज."

त्या दुपारी तो जेवला नाही. वही उघडून बसला. कायमची नोकरी लागली असती तर तेहतिसाव्या वर्षी पहिल्यांदा आईला सांगता आलं असतं की आता नव्या मालिकांच्या जाहिराती कापून ठेवू नकोस. त्यानं एका कोऱ्या कागदावर सगळे आकडे नव्यानं उतरवले, टिंबं देत देत. ६.३. ९.७. ११.८. कागद सुरेख दिसत होता. इतका सुरेख की चारशे माणसांचा कारखाना दिवसाला दोन पिशव्या कचरा करतो, हे वाचून कुणाही शहाण्या माणसाला हसू फुटलं असतं. आणि हसवण्यातच तर त्याचं बालपण गेलं होतं. त्यानं कागदाचे तुकडे केले, ते खिशात कोंबले आणि जुनी वही तशीच बगलेत मारली. आपलं आता काही खरं नाही, हे त्याला कळून चुकलं होतं.

तपासणीच्या बाई बरोबर दहाला आल्या. पन्नाशीच्या, किडकिडीत, चेहऱ्यावर सुरकुत्या होत्या पण हसण्याची एकही नव्हती.

एचआर मॅडमनी त्याला पुढे ढकललं. "हे आमचे अधिकारी. ओळखलंत का?"

"नाही."

"नीट बघा. लहानपणी टीव्हीवर..."

"आमच्या घरी टीव्ही नव्हता," बाई म्हणाल्या आणि पेनाचं टोपण काढलं. "पूर्ण नाव?"

त्यानं पूर्ण नाव सांगितलं. मॅडम चकित होऊन म्हणाल्या, "अगबाई, असं नाव आहे होय तुझं?"

बाईंनी हातमोजे चढवले आणि सरळ हिरव्या गालफुग्याच्या घशात कोपरापर्यंत हात घातला. आतून आवाज आला, "अजून! माझं पोट म्हणालं!"

"हा कोण बोलतोय?"

"मी," तो मान खाली घालून म्हणाला. "सहा वर्षांचा असताना."

"बंद करा. कचरा टाकला की शाबासकी? न टाकणाऱ्याला द्यायला हवी ना?"

पाच महिने तो हेच घसा फोडून सांगत होता. दुसऱ्या कुणाच्या तोंडून ते ऐकल्यावर त्याचे डोळे भरून आले. साहेबांना वाटलं, वासामुळे.

बाईंनी एकेक वस्तू काढून जमिनीवर मांडली. सात अख्खी केळी. कोऱ्या कागदांचे बोळे. एक डबा, आतल्या जेवणासकट. गोदामाच्या किल्ल्यांचा जुडगा, जो चार दिवस सगळा कारखाना शोधत होता. मग त्या खड्ड्याकडे गेल्या, काठीनं ढवळलं आणि नाकाला रुमाल न लावता पाच मिनिटं उभ्या राहिल्या. शेवटी वही मागितली.

साहेबांनी त्याच्याकडे पाहून डोळा मारला. त्यानं वही दिली. बाईंनी पानं उलटली.

"एकशे अठरा?"

साहेबांचा डोळा मिटलेलाच राहिला.

"हो," तो म्हणाला.

"आकडे खरे दिसतायत. इतके वाईट आकडे कुणी मुद्दाम लिहीत नाही." बाई भराभर लिहू लागल्या. "तुमच्या तीन चुका. एक, डबे माणसं जिथं काम करतात तिथं हवेत. तुम्ही ते दारात मांडून जत्रा भरवलीत. दोन, खड्ड्यात ओल्याबरोबर वाळलेली पानं आणि पुठ्ठ्याचा चुरा हवा होता. पुठ्ठ्याच्या कारखान्यात बसून तुम्हाला हे सुचलं नाही? तीन, टक्केवारी. प्रत्येक पानावर चुकलीय. भागाकारच येत नाही तुम्हाला."

तो खिशातून पेन काढून लिहून घेत होता. 'तीन, भागाकार.'

"निकाल, नापास," बाई म्हणाल्या.

मॅडम रडवेल्या झाल्या. साहेब मात्र गरजले, "ऐकलंस? उद्यापासून येऊ नकोस!"

"असं चालणार नाही," बाई कागदावरून डोळे न उचलता म्हणाल्या. "तीन महिन्यांनी फेरतपासणी. ज्याच्या नावावर चूक, त्यानंच ती निस्तरायची, असा नियम आहे. माणूस बदललात तर अर्ज रद्द. मग सगळं पहिल्यापासून, दीड वर्ष."

"दीड वर्ष?" साहेब तिथल्याच एका खोक्यावर बसले. खोकं त्यांच्याच कारखान्याचं होतं, ते लगेच दबलं.

"आणि यांना मदतीला दोन माणसं द्या. एकट्याला हे जमणारं नाही." बाईंनी सही केली, प्रत त्याच्या हातात दिली आणि निघून गेल्या. त्याचा फोटो त्यांनी मागितला नाही.

संध्याकाळी तो घरी गेला तेव्हा अंगाला खड्ड्याचा वास येत होता. आईनं दार उघडलं आणि एक पाऊल मागे सरकली. त्यानं तो कागद तिच्यापुढे धरला. आईनं चष्मा लावून दोनदा वाचला.

"नापास?"

"नापास."

"आणि तू हसतोयस?"

"आई, पहिल्यांदाच कुणीतरी माझं काम वाचलं. पानन्‌पान. ओळखलंसुद्धा नाही मला."

आई खुर्चीत बसली. बराच वेळ कागदाची कड बोटानं सारखी करत राहिली. मग म्हणाली, "तुला एक सांगायचं राहिलंय. तिसरीत गणिताच्या पेपरात तू नुसती चित्रं काढून आला होतास. वर्गाच्या बाईंनी पैकीच्या पैकी मार्क दिले. पेपर घरी घेऊन आल्या, त्यावर तुझी सही हवी होती त्यांना. मला बोलायला हवं होतं. मी त्यांना चहा केला."

"म्हणजे मी..."

"तिसरीत काय, चौथीतही तेच. तुला भागाकार कुणी शिकवलाच नाही रे."

त्याला हसावं की रडावं कळेना. तीन महिने. रोजचे एकशे अठरा किलो. आंबलेला खड्डा, तोंड फिरवलेले साहेब, रांगेत उभे आजोबा. आणि वर तिसरीचं गणित.

"हात धुऊन ये आधी," आई म्हणाली. "साबण दोनदा लाव."

तो आला तेव्हा टेबलावर कागद आणि पेन्सिल होती. आईनं वरती लिहिलं होतं, एकशे अठरा भागिले चारशे. माणशी कचरा किती?

तो बसला. पेन्सिल चावली, लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं. मग कागद तिच्याकडे सरकवला आणि जन्मभराच्या सवयीनं तिच्या चेहऱ्यावर कौतुक शोधू लागला.

आईनं कागद नीट पाहिला.

"चूक," ती म्हणाली. "पुन्हा कर."