सुकरामकाकांचा वाढीव सिनेमा

सुकरामकाका सिनेमा शिवायचे. साकोलीच्या आमच्या तंबू-टॉकीजचे ते ऑपरेटर, मी दारावर तिकिटं फाडणारा. बाकीचे ऑपरेटर खेळ लवकर संपावा म्हणून फिल्म कापत. काका ते फेकलेले तुकडे गावोगाव फिरून गोळा करत आणि जिथल्या तिथे चिकटवत. "पिक्चर का काकडी हाये, कापाले?" हे त्यांचं ठरलेलं वाक्य.

एकदा जादूचा सिनेमा आला. त्यातल्या राक्षसाचं डोकं लाखनीत सापडलं, मरण मोहाडीत. काकांनी दोन्ही जोडली तेव्हा कुठे तो मेला कशाने ते आम्हाला कळलं. पण राजकन्या शापित तळ्यात बुडायची आणि पुढच्याच क्षणी लग्नाच्या मांडवात कोरडी ठणठणीत उभी!

"बुडली तं निंगाली कवा?" काका माझ्यावरच डाफरायचे. जसं काही मीच तिला ढकललं होतं.

शेवटी कुठल्याशा गोदामात तो तुकडा मिळाला. ओल लागून त्याचा आवाज गेला होता. पहिल्याच खेळाला शिट्ट्या चालू असताना तंबू एकाएकी मुका झाला. नुसती मशीनची टकटक. काळ्या पाण्यातून आधी केस आले, मग कपाळ, मग थेट आपल्याकडे बघणारे डोळे. ती काहीतरी बोलत काठाकडे चालत यायची, पण ऐकू काहीच यायचं नाही. बायकांनी पोरं पदराखाली घेतली. माझ्याही अंगावर काटा आला, खोटं कशाला बोलू! पण सिनेमा खरा आता पुरा झाला. मांडवात तिला बघून लोक रडायला लागले.

मालक मात्र वैतागले. "काका, लोक भेऊन रायले. काढा तो तुकडा."

"काढतो. मंग मशीनबी तुमीच चालवा."

दुसऱ्या दिवशी खेळ चालू असतानाच मालकांनी मला समजूत घालायला पाठवलं. पडद्यावर तळं आलं होतं. काका मशीन सोडून झरोक्याशी उभे होते. हातात एक लहानसा कोरडा फ्रॉक.

त्यांची लेक जनी लहानपणी शिंगाडे काढायला तलावात उतरली, ती परत सापडलीच नाही, हे सगळ्या गावाला माहीत होतं. काका कधी तिचं नाव काढत नसत. आज असती तर त्या राजकन्येएवढीच असती.

राजकन्या काठाला लागली. तिचे ओठ हलले.

"आली का वं माय?" काका हळूच म्हणाले. "किती येळ लावला! घे, कपडे बदलव."

मी तसाच मागे फिरलो. मालकांना सांगितलं, तुकडा फार पक्का चिकटलाय, आता निघत नाही.