सुमनला किती उरलं?

आमच्या निडी गावच्या शाळेतले घरत गुरुजी गणिताच्या पुस्तकातली माणसं बदलायचे. पुस्तकातला रमेश पेरू वाटो की दोरी कापो, फळ्यावर लिहिताना गुरुजी त्याला हाकलत आणि तिथे सुमनला आणून बसवत. पेरूंच्या आणि दोरीच्या मग तांदळाच्या भाकऱ्या होत. शेवटचा प्रश्न ठरलेला, "सुमनला किती उरलं?"

एकदा तपासणीला आलेल्या साहेबांनी विचारलं, "गुरुजी, पुस्तकात तर रमेश आहे. ही सुमन कोण?"

"रमेश भाकऱ्या थापत नाय, साहेब," म्हणून गुरुजी पुढचं उदाहरण लिहायला लागले.

सुमन म्हणजे गुरुजींची बायको, एवढं आम्ही पोरींनी ताडलं होतं. रोह्याच्या घरी ती बिचारी दिवसभर भाकऱ्याच थापत असणार, अशी आमची खात्री होती.

माझं आणि अपूर्णांकांचं वाकडं होतं. चौथीला गणितात नापास झालीस तर शाळा बंद, असं बाबांनी बजावलं होतं. कंपनीतली शिफ्ट आणि दिलेला शब्द बाबांनी कधी चुकवला नव्हता. सहामाहीत मला शंभरपैकी अकरा मार्क पडले.

गुरुजींनी मला फळ्याशी उभं केलं. सुमनने बारा भाकऱ्या केल्या. एक तृतीयांश सासूसासऱ्यांना, उरलेल्यांपैकी अर्ध्या नवऱ्याला, मग उरलेल्यांपैकी तीन चतुर्थांश मुलांना. मी दरवेळी बारावरूनच वाटे काढले. चार, सहा आणि नऊ.

"एकोणीस!" गुरुजी ओरडले. "बारा थापल्या नि एकोणीस वाटल्यास? आता सात भाकऱ्या शेजारणीकडनं आणू काय गो? नि सुमन उपाशीच!"

वर्ग हसला, मी रडले. मग गुरुजींनी फळ्यावर टोपली काढली, तिच्यात बारा गोल काढले. "वाटल्यास की हातानं पूस. मग टोपलीत बघ. पुढचा वाटा त्यातनंच."

मी चार पुसले, आठ राहिले. आणखी चार पुसले. मग तीन.

"सुमनला एक उरली."

"व्हय," गुरुजी हळूच म्हणाले. "जेवली बिचारी."

पुढे वार्षिक परीक्षेपर्यंत रोज शाळा सुटल्यावर, गुरुजींची रोह्याची गाडी येईस्तोवर, मी त्यांच्याशेजारी स्टेशनच्या बाकावर बसून सुमनला जेवू घातलं. बावन्न मार्कांनी पास झाले. माझी शाळा वाचली ती या माणसामुळे, हे मी आजही सांगते.

आईने घावनं करून डबा भरला आणि बाबा मला रोह्याला घेऊन गेले. दार गुरुजींनीच उघडलं.

"ही घावनं सुमनबाईंना," मी म्हणाले.

गुरुजींनी भिंतीकडे बघितलं. तिथे हार घातलेला फोटो होता. त्यांनी डब्यातलं एक घावन बशीत घेऊन फोटोपुढे ठेवलं.

"घरात आम्ही आठ मानसं," ते म्हणाले. "सगळ्यांना वाढून ती मागनं बसायची. मी गणिताचा मास्तर, पन तुला किती उरलं, ह्ये एक दिवस इचारलं नाय गो."

संध्याकाळच्या गाडीने आम्ही परतलो.

घरी जेवताना बाबांनी सवयीने तिसऱ्या भाकरीसाठी ताट पुढे केलं. मी टोपलीत बघितलं. एकच होती.

"आई, तुला किती उरलं?"

आई गोंधळून माझ्याकडे बघत राहिली. बाबांनी ताट मागे घेतलं.