नाथाकाका, चार लिंबं आणि हट्टी गाडी

मुलांनो, जरा माझ्याबरोबर कल्पना करा. डोळे मात्र मिटू नका, मिटले तर पुढचं वाचणार कसं?

नाशिक रोडची एक तीन मजली सोसायटी. रविवारची सकाळ, पावणेनऊ वाजलेत. फाटकाच्या आत एक निळी गाडी उभी आहे. गाडी जुनी, पण योगेशच्या घरात नवी. पहिलीच. बॉनेटवर कुंकवाचं स्वस्तिक, जमिनीवर फोडलेला नारळ, चारही चाकांपुढे एकेक लिंबू आणि स्टिअरिंगला झेंडूचा जाडजूड हार. थाट सगळा आहे, फक्त गाडी सुरू होत नाही. किल्ली आत जाते, पण फिरत नाही. स्टिअरिंग तर सिमेंटमध्ये रोवल्यासारखं घट्ट.

अशा वेळी तुम्ही काय कराल? मेकॅनिकला फोन कराल. योगेशनेही केला. मेकॅनिक म्हणाला, "आज रविवार आहे साहेब. बारापर्यंत येतो."

बारा वाजून चालणारच नव्हतं. योगेशची मुलगी आरोही सहावीत होती आणि साडेदहाला ओझरला तिचा खो-खोचा सामना होता. संघातल्या तीन मुली तापाने आजारी. उरल्या मोजून नऊ, त्यातली नववी आरोही. हजेरीला आठच जणी दिसल्या तर संघ बाद. बाकीच्या आठ जणी सरांबरोबर सकाळीच टेम्पोतून गेल्या होत्या. आरोही मात्र काल सगळ्यांसमोर ऐटीत म्हणाली होती, "मी आमच्या गाडीतून येणार." आता ती बूट घालून, डबा मांडीवर घेऊन पायरीवर बसली होती आणि ते वाक्य तिला आठवेल तसतसं टोचत होतं.

नेमक्या याच वेळी तळमजल्यावरचं दार उघडलं आणि नाथाकाका बाहेर आले.

नाथाकाका स्वतःची ओळख कशी करून देत, ते त्यांच्याच शब्दांत ऐका. "नजर घारीची, नाक मुंगीचं, कान सशाचे. आणि डोकं..." इथे ते थांबत, कारण डोक्याला शोभेल असा प्राणी त्यांना अजून मिळाला नव्हता. नाशिक रोडचे एकमेव खाजगी गुप्तहेर, असं ते स्वतःला समजत. तशी पाटीही त्यांनी रंगवून घेतली होती. पण धंदा पडला गुप्त, म्हणून पाटी दाराच्या आतल्या बाजूला लावली होती. त्यामुळे ती रोज फक्त तेच वाचत आणि वाचून थक्क होत.

निवृत्त होण्याआधी नाथाकाका, नोटा छापतात तिथल्या गेटवर होते. संध्याकाळी कामगार बाहेर पडताना त्यांचे डबे उघडून बघायचे. तीस वर्षांत त्यांनी डोंगराएवढे रिकामे डबे उघडले. नोट एकातही सापडली नाही, पण नुसत्या वासावरून सकाळी भाजी कोणती होती, हे ते सांगू शकत. या विद्येला पुढे वाव मिळावा, म्हणून तर ते गुप्तहेर झाले.

त्यांनी गाडीकडे पाहिलं, फाटकाकडे पाहिलं आणि खिशातली शिट्टी वाजवली.

"गेट बंद," ते म्हणाले, आणि स्वतःच जाऊन बंद करून आले.

"काका, गाडी अडकलीय फक्त," योगेश म्हणाला.

"अडकली की अडकवली?"

"ते काही का असेना. उशीर होतोय, मी रिक्षा बघतो."

"गुन्ह्याच्या जागी हजर असलेला माणूस बाहेर जात नाही, योगेश. मी गेटवर असताना एकदा मोठ्या साहेबांनासुद्धा तासभर थांबवलं होतं."

"काय सापडलं?"

"दोडक्याच्या भाजीचा वास."

योगेशची आत्या सिंधुबाई काल खास पूजेसाठी घोटीहून आली होती. पूजा तिनेच केली होती. ती पुढे होऊन म्हणाली, "अवो, मी हार घालत व्हते ना, तव्हा आतमधी कट्ट वाजलं."

"बाई, साक्षीदाराने विचारल्यावर बोलायचं."

"मंग इचारा."

"आधी पुरावे, मग साक्षीदार. पद्धत असते."

सिंधुबाईने पदर खोचला आणि ती गप्प बसली. तिला गप्प बसवणारा माणूस घोटीत अजून जन्मला नव्हता, त्यामुळे तिचं तिलाच नवल वाटलं.

नाथाकाका जमिनीवर आडवे झाले आणि चाकांपुढची लिंबं न्याहाळू लागले. "पाहिलंत? चारही चाकं एकाच वेळी रोखली आहेत. हे एकट्याचं काम नाही. टोळी आहे."

"एकटीचंच हाय," सिंधुबाई म्हणाली. "मीच ठेवली. गाडी निघाली की लिंबं चिरडायची असत्यात."

काकांनी चारही लिंबं उचलून पिशवीत घातली. योगेशने किल्ली फिरवून पाहिली. फिरली नाही.

"लिंबं निर्दोष आहेत," काकांनी जाहीर केलं. "पण ताब्यात राहतील."

मग त्यांनी किल्ली मागितली आणि डोळा बारीक करून ती उन्हात धरली. नोटांच्या कारखान्यात आयुष्य गेलेला माणूस कुठलीही वस्तू आधी उजेडात धरतो. "नकली," ते म्हणाले. "आरपार काहीच दिसत नाही."

"काका, ती लोखंडाची आहे," आरोही म्हणाली.

"तेच तर म्हणतोय." त्यांनी किल्लीचा वास घेतला. "हळद. कुंकू. आणि मेथी. ही किल्ली ज्या हातांनी हाताळली, त्यांनी आज सकाळी मेथी निवडली आहे."

"मीच निवडली की. पोरीच्या डब्याला," सिंधुबाई म्हणाली.

त्या सकाळचा काकांचा हा एकमेव बरोबर निघालेला तर्क होता, आणि त्याचा गाडीशी काहीही संबंध नव्हता.

"आता मुळाशी जाऊ," काका म्हणाले. "गाडी घेतली कुणाकडून?"

"ओझरच्या एका साहेबांकडून. विमानाच्या कारखान्यातून निवृत्त झालेत."

काका एकदम गंभीर झाले आणि मान वर करून आकाशाकडे बघू लागले. "बारा वर्षं विमानवाल्या माणसाच्या दारात काढलीत हिने. सवय लागली आहे. वरून परवानगी आल्याशिवाय ही हलायची नाही." मग त्यांनी खिशातून रुमाल काढला आणि आभाळाकडे बघून जोरजोरात हलवला. आभाळात फक्त एक कबूतर होतं. त्याने उत्तर दिलं. ते काकांच्या टोपीवर पडलं.

नऊ वाजून दहा मिनिटं झाली. काका टोपी पुसत होते. योगेश पुन्हा मेकॅनिकला फोन लावत होता, आणि मेकॅनिक तो उचलत नव्हता. आरोहीला डोळ्यांपुढे मैदानावर रांगेत उभ्या आठ जणी दिसत होत्या. हजेरी घेणारे पंच नववं नाव दोनदा पुकारत होते. ती उठली आणि जे काकांनी विचारलं नव्हतं, ते तिने विचारलं.

"आत्याआजी, कट्ट कधी वाजलं?"

"इचारलं बाई कुनीतरी," सिंधुबाई सुटली. "हार सगळीकून सारका बसाया पायजे ना? मंग ते चाक जरा फिरवायचं, हार गुंडाळायचा. आनखी जरा फिरवायचं. तेवढ्यात वाजलं कट्ट. मंग जाम हाललंच नाय."

"तेव्हा किल्ली कुठे होती?"

"ताटात. तिलाबी हळदकुंकू नको का?"

आरोही स्टिअरिंगकडे बघत राहिली. तिला घरातलं लोखंडी कपाट आठवलं. तुमच्याही घरी असेल तसं. त्याची किल्ली नुसती फिरवली तर फिरत नाही. दार गुडघ्याने थोडं आत दाबायचं आणि दाबतानाच किल्ली फिरवायची, मग फिरते. का, सांगू? आतली कडी भोकाच्या कडेला रुतून बसलेली असते. दार दाबलं की तिच्यावरचा ताण जातो आणि ती सुटते. आरोही रोज सकाळी गणवेश काढताना हे करत होती. त्यात काही विशेष आहे, असं तिला कधी वाटलं नव्हतं.

"बाबा, गाडीत बसा. स्टिअरिंगचं चाक एका बाजूला थोडं दाबून धरा आणि तेव्हाच किल्ली फिरवा. आपल्या कपाटासारखं."

"इथे गुडघा कुठे लावू?"

"गुडघा नको. हात."

योगेशने चाक उजवीकडे दाबून किल्ली फिरवली. काही नाही. मग डावीकडे दाबलं, अगदी हलकेच. कट्ट झालं, किल्ली फिरली, आणि निळी गाडी खोकून सुरू झाली.

सिंधुबाईने घाईघाईने हार काढून पुढच्या जाळीला बांधला, काकांच्या हातातली पिशवी ओढून घेतली आणि लिंबं पुन्हा चाकांपुढे ठेवली. आरोही पुढे बसली, आत्या मागे. नऊ वाजून वीस मिनिटं झाली होती. ओझर अजून गाठता येत होतं.

पण फाटकात दोन्ही हात पसरून नाथाकाका उभे होते.

"गुन्हेगार सापडलेला नाही," ते म्हणाले. त्यांचा आवाज जरासा पडला होता. "गेट बंद."

"काका, बाजूला व्हा ना," योगेश म्हणाला.

आरोहीने खिडकीतून डोकं बाहेर काढलं. "काका, गुन्हेगार कुणी नाहीच. किल्ली नसताना कुणी चाक फिरवलं, की गाडी आतून कडी लावते. चोराने नेऊ नये म्हणून. तिला वाटलं, आत्याआजी चोर आहे."

"मी?" सिंधुबाई म्हणाली. "हार घातला मी तिला."

"तिला कुठे कळतं? तिची ड्युटी आहे. किल्ली नाही, तर सोडायचं नाही."

नाथाकाकांनी पसरलेले हात खाली घेतले. "हार घालणाऱ्यालासुद्धा नाही?"

"नाही."

"म्हणजे ही गेटवर आहे."

"हो. तुमच्यासारखीच."

काकांनी टोपी सरळ केली, टाचा जुळवल्या आणि गाडीला कडक सलाम ठोकला. मग ते थोडं घुटमळले. फाटकाच्या कडीवर हात होता, पण ती उघडवेना. तीस वर्षं त्यांनी कुणालाही तपासल्याशिवाय बाहेर सोडलं नव्हतं.

आरोहीला ते समजलं. तिने मांडीवरचा डबा उचलला, खिडकीबाहेर धरला आणि झाकण उघडलं.

"तपासा, काका."

नाथाकाकांपुढे आजवर उघडलेला प्रत्येक डबा रिकामा होता. हा भरलेला होता. त्यात पोळ्या होत्या आणि मेथीची भाजी होती, अजून कोमट. काकांनी डोळे मिटून वास घेतला, मान डोलावली आणि फाटक सताड उघडलं.

गाडी हलली. चारही लिंबं फटाफट फुटली. आणि गाडी काकांजवळून जाताना आरोहीने एका पोळीत भाजी गुंडाळली आणि ती सुरळी त्यांच्या सलाम ठोकलेल्या हातात ठेवली.