चर्चची शाकारणी

भिंती

मोहिद्दीनने चर्चचं छप्पर उतरवलं, त्यात त्याची काही चूक नव्हती. हुकूमच तसा होता.

शारजाच्या ऑफिसातल्या साहेबाने किल्ली हातात ठेवताना बजावलं होतं, हे चर्च स्वतःच्या घरासारखं सांभाळ. रास अल खैमाच्या खजुरीच्या बागांपलीकडे गोऱ्या शिपायांनी बांधलेलं हे एका खोलीचं चर्च: दगडी भिंती, वर खजुरीच्या झावळ्या, आत सहा बाकं. छावणी उठली, प्रार्थना बंद पडली. आता जुन्या चर्चांचा इतिहास लिहिणारे पेनरोज साहेब विलायतेहून ते बघायला येणार होते. त्यांनी 'जपण्यालायक' असं लिहिलं की मोहिद्दीनची राखणदारी पक्की, शिवाय मागची दोन खोल्यांची क्वार्टर. क्वार्टर मिळाली की रत्नागिरीहून हलिमा येणार. लग्नाला सहा वर्षं झाली होती, त्यातले एकत्र काढलेले महिने जेमतेम चार.

आता घर सांभाळायचं म्हणजे मे महिन्यात काय करायचं, हे रत्नागिरीच्या माणसाला शिकवावं लागत नाही. पावसाआधी शाकारणी. जुनं सगळं उतरवायचं, वासे झाडायचे, नवं घालायचं. मोहिद्दीनने हलिमाच्या भावाला, खैरुद्दीनला, मदतीला बोलावलं. त्याचं शिडाचं गलबत तेव्हा खाडीत उभं होतं. हलिमाला आणायला तेच जाणार होतं, कारण आगबोटीवर तिचा काडीचा विश्वास नव्हता.

"दुल्हाभाई, इथे पाऊस पडतो?" खैरुद्दीनने भिंतीवर चढता चढता विचारलं.

"मे लागलाय ना?"

"लागलाय."

"मग यल्ला, वर चढ."

खैरुद्दीनला हे पटलं.

छप्पर

या भागात काही नाही. वर आभाळ.

बकऱ्या

उतरवलेल्या झावळ्यांची पाती पहिल्या दिवशी बकऱ्यांनी खाल्ली. दुसऱ्या दिवशी वाटेने जाणारे उंटवाले सावलीला थांबले. उरलेले दांडे त्यांनी चुलीत घातले आणि मोहिद्दीनला आग्रहाने कहवा पाजला. कहवा फक्कड झालाय असं तो म्हणाला. मग त्याने चुलीत पाहिलं.

नव्या झावळ्या मागायला गेला, तर बागवाल्याने सांगितलं की खजूर उतरल्याशिवाय तो झाडाला हात लावू देणार नाही. तीन महिन्यांनी या. परत आला, तर शारजाहून निरोप आलेला. पेनरोज साहेब उद्या सकाळी.

"खलास," मोहिद्दीन बाकावर बसला. "बहिणीला कळव तुझ्या. अजून सहा वर्षं थांब म्हणावं."

खैरुद्दीनने खाडीतल्या आपल्या गलबताकडे पाहिलं.

"माझ्याकडे एक कापड आहे," तो म्हणाला. "मोठं आहे. पण साहेब गेला की लगेच काढायचं. मला शुक्रवारी निघायचंय."

"दुपारपर्यंत परत देतो, इन्शाल्ला."

शीड

साहेब आत शिरले आणि वारा सुटला. छप्पर फुगलं. दोर करकरले. सवयीने खैरुद्दीन धावला, एक दोर सैल सोडला आणि दुसरा धर म्हणून मोहिद्दीनवर ओरडला. सहा बाकांमध्ये दोघं दोराला लोंबकळत असताना साहेबांनी वही उघडली.

खोटं बोलायचं नाही, असं मोहिद्दीनने ठरवलं होतं. छप्पर दरवर्षी असंच घालता का, असं साहेबांनी विचारलं. शाकारणी दरवर्षीच करतात, तेव्हा तो हो म्हणाला. या गाठी कोण मारतो? माझा मेहुणा, त्याचा बाप, आजाही ह्याच मारायचे. हेही खरं होतं.

साहेबांनी चष्मा काढून डोळे पुसले. तीनशे चर्चं पाहिली, ते म्हणाले, पण वाऱ्याबरोबर श्वास घेणारं हे पहिलंच.

छप्पर

गुरुवारी लेखी हुकूम आला. चर्च जपण्यालायक. राखणदारी पक्की, क्वार्टर मंजूर. छताच्या एकाही दोराला कोणी हात लावू नये.

नव्या क्वार्टरच्या खिडकीतून खाडीतली उघडी डोलकाठी स्पष्ट दिसत होती. खैरुद्दीन तिच्याकडे बघत बसला होता.

"दुल्हाभाई, माझं शीड."

"छप्पर म्हण. कागदावर छप्पर आहे."

मग मोहिद्दीनने हलिमाला पत्र लिहायला घेतलं. क्वार्टर मिळाली, असं आधी लिहिलं, ठळक अक्षरात. नंतर खैरुद्दीनला विचारून लांबी-रुंदी लिहिली आणि खाली सही करण्याआधी सगळं नीट समजावलं:

'एवढं शीड शिवून घे आणि आगबोटीने इथे आणून दे. मग त्याच बोटीने परत जा. म्हणजे गलबत लगेच तुला आणायला निघेल.'