फाटकाच्या आतली पूर्व

वारूळवाडीत मारुती सरांच्या घरी सूर्य पश्चिमेला उगवतो. हे सर स्वतः सांगतात आणि सांगताना चेहऱ्यावरची रेघ हलू देत नाहीत. सकाळी अंगणात खुर्ची टाकून ते पेपर वाचत बसलेले असतात. रस्त्याने जाणारा कुणी विचारतो, "काय सर, ऊन खाताय का?" सर पेपरातून मान न काढता म्हणतात, "हो. पश्चिमेचं कोवळं ऊन हाडांना बरं."

हे बोलणारा माणूस अवसरीच्या इंजिनिअरिंग कॉलेजात सर्वेक्षण शिकवून निवृत्त झाला आहे. दिशा मोजणं हा त्यांचा पोटापाण्याचा धंदा होता. त्यांच्या हाताखालून गेलेली मुलं आज रस्ते आणि कालवे आखतात आणि ते रस्ते जिथे पोचायला हवेत तिथेच पोचतात.

मी सरांचा शेजारी. एका दैनिकाचा वार्ताहर. घटना कुठे घडली हे बातमीच्या पहिल्याच ओळीत सांगायची सवय लागलेली, त्यामुळे सरांच्या घरातलं हे 'कुठे' मला बराच काळ टोचत राहिलं.

फाटकाच्या बाहेर सर इतके बरोबर असतात की त्याचाच लोकांना त्रास होतो. डावं-उजवं हे शब्द त्यांच्या तोंडी नाहीत. "डावं-उजवं माणसाबरोबर फिरतं. दिशा जागची हलत न्हाई," असं त्यांचं म्हणणं. एकदा नारायणगावच्या दातांच्या डॉक्टरांना त्यांनी दक्षिणेची दाढ दुखते म्हणून सांगितलं. डॉक्टरांनी खुर्ची दिव्याखाली वळवली. सरांनी आ वासलेल्या अवस्थेतच दुरुस्ती केली, "आता पूर्वेची."

उत्तर दिशा तीन असतात, हे ते कॉलेजात पहिल्याच तासाला सांगत. एक ध्रुवाकडची खरी, दुसरी चुंबकाच्या सुईची, तिसरी नकाशावर छापलेल्या उभ्या रेघांची. तिन्हींत थोडाथोडा फरक. आपण कुठली धरली आहे ते आधी बोलायचं आणि मगच पाऊल उचलायचं. म्हणून कुणी त्यांना पत्ता सांगू लागला की सर मध्येच विचारतात, "कुठल्या उत्तरेनं?" मोबाइलमधून रस्ता सांगणाऱ्या बाईलाही त्यांनी हे एकदा विचारलं होतं. गाडी सुदामभाऊंची होती. ते म्हणाले, "सर, ती बाई बोलती, ऐकत नाय." सर म्हणाले, "मग आपण तरी तिचं का ऐकायचं?"

हे सुदामभाऊ म्हणजे आमच्या दोघांच्याही घराला लागून असलेले टोमॅटोवाले शेतकरी. सरांची चेष्टा करणं हा त्यांचा विरंगुळा आहे.

तर असा हा माणूस फाटकाची कडी काढून आत आला की चौथीच उत्तर धरतो. आत पूर्वेला पश्चिम म्हणायचं, उत्तरेला दक्षिण. पाण्याची टाकी आग्नेयेला आहे, सर तिला वायव्येची टाकी म्हणतात. कारण विचारलं की उत्तर ठरलेलं: कंपासजवळ लोखंड असलं की सुई ढळते, सर्वेक्षणात त्याला लोकल अट्रॅक्शन म्हणतात, आमच्या घरात ते आहे. सुदामभाऊंनी एकदा या लोखंडाचा शोध घ्यायचा म्हणून अंगणात पहार मारून पाहिली. एक जुना विळा निघाला. तो त्यांनी घरी नेला.

या चौथ्या उत्तरेची खरी किंमत मोजली ती सोलर बंबानं. बंब बसवायला आलेल्या माणसानं विचारलं, "सर, पॅनेलचं तोंड?" सर ओट्यावर उभे राहून म्हणाले, "उत्तरेकडं." त्यांना म्हणायची होती दक्षिण. त्यानं पॅनेल खरोखरच उत्तरेकडे तोंड करून बसवलं. हिवाळाभर पाणी कोमट होईना. त्या माणसाला मी नंतर गाठलं, तर तो म्हणाला, "मला बी खटकलं व्हतं भाऊ. पण सर आयुष्यभर दिशा शिकवत आले. त्यांना म्या काय सांगणार?" बंब अजून तसाच आहे. सर गार पाण्याने अंघोळ करतात आणि प्रकृतीला चांगलं असतं म्हणून सांगतात.

सरांचे वडील मेंढरं राखत. सरांना शाळा लागली आणि कळप भावांकडे गेला. एका संध्याकाळी मी त्यांना स्कूटरवर बसवून खोडदच्या बाजूला नेलं होतं. तिथे माळावर आकाशातून येणाऱ्या लहरी टिपणाऱ्या मोठ्या जाळीदार तबकड्या आहेत. आम्ही बांधावर बसलो असताना त्या सगळ्या एकाच वेळी, अगदी सावकाश वळू लागल्या. आवाज जवळजवळ नव्हता. दूरच्या तबकडीनंही मान तेवढीच वळवली. उजेड पिवळा होत होता आणि आपण बसलो आहोत ती जमीनच फिरते आहे असं वाटत होतं.

"आमची मेंढरं अशीच वळायची," सर म्हणाले. "एकीनं मान फिरवली की सगळी."

"यांना कुठे बघायचं ते आकडे सांगतात. मेंढरांना कोण सांगत होतं?"

"वारा."

"आणि माणसाला?"

"माणूस घरातल्या माणसाकडं बघतो," ते म्हणाले आणि धोतर झटकून उठले. मला वाटलं, त्यांनी विषय टाळला.

सरांच्या घरातलं माणूस म्हणजे कौसाबाई. माहेर आण्याचं. आणे इथून ईशान्येला, पठारावर. आळेफाट्याला जायचं, तिथून पूर्वेला वळायचं आणि घाट चढायचा. कौसाबाईंना गेल्या काही वर्षांत विसर पडत चालला आहे. आधी गॅस बंद करायचं विसरलं, मग गल्लीतल्या बायकांची नावं, मग पुण्याहून येणारा मुलगा. त्याला त्या भावाच्या नावानं हाक मारतात. रोज संध्याकाळी त्या मागच्या पायरीवर मावळत्या सूर्याकडे तोंड करून बसतात. मी कुंपणाजवळ दिसलो की म्हणतात, "पावणं, कुणाकडचं तुमी?" मी सांगतो. मग त्या सूर्याकडे बोट करून म्हणतात, "गेला बघा. माज्या म्हायेरात मावाळला."

मी हे विसराळूपणातच जमा धरलं होतं.

गेल्या हिवाळ्यातली गोष्ट. त्या दिवशी दुपारपासून कौसाबाईंनी आण्याला जायचं काढलं होतं. आई वाट बघत असेल, मेंढरं यायच्या आत पोचलं पाहिजे. सरांनी चहा करून दिला, उद्या जाऊ म्हणून समजूत घातली आणि त्या आडव्या झाल्या तशी गोळ्या आणायला बाजारात गेले. परत आले तर फाटक उघडं होतं. पायरीवर कुणी नव्हतं. चहाची कपबशी धुऊन पालथी घातलेली होती.

आमच्याकडे दिवस मावळायच्या सुमाराला म्हातारं माणूस घराबाहेर असणं म्हणजे काय, हे सांगावं लागत नाही. चारी बाजूंनी ऊस आहे आणि उसात बिबट्या आहे. त्याच्या बातम्या मीच लिहितो.

माणसं जमली. सुदामभाऊंनी पिकअप चालू करूनच आणली. "आण्याचं म्हणत व्हत्या ना काकू? मंग आळेफाट्याकडंच गेल्या. रोडला लागायच्या आत गाठू. बसा सर."

सर बसले नाहीत. ते फाटकात उभे होते, एक पाय आत, एक बाहेर. त्यांनी डोळे मिटले होते.

"सर, बसा राव."

"तिकडं न्हाई गेली ती," सर म्हणाले. "आणे तिकडं हाय." आणि त्यांनी मावळत्या सूर्याकडे हात केला.

सुदामभाऊ पिकअपमधून खाली उतरले. आवाज चढवला नाही, पण त्यांना इतकं चिडलेलं मी पाहिलं नव्हतं. "सर, आजवर लई ऐकून घेतलं. ही मस्करीची येळ हाय का? तिकडं उसाबिगर काय बी नाय."

"म्हणूनच लवकर जायला पायजे."

सुदामभाऊ पिकअप घेऊन आळेफाट्याकडे गेले. बाकीचेही त्याच बाजूला पांगले. नकाशा माझ्याही डोक्यात होता आणि तो सुदामभाऊंसारखाच सांगत होता. तरी मी सरांना स्कूटरवर घेतलं, कारण त्यांना एकट्याला सोडणं बरं दिसलं नसतं.

कालव्याच्या कडेचा कच्चा रस्ता नैऋत्येला जातो. थंडीच्या दिवसांत सूर्य बरोबर त्याच्या टोकाला मावळतो. समोरून येणाऱ्या उजेडात धूळ तरंगत होती, दोन्हीकडचा ऊस काळा दिसत होता. रस्ता कुठे जातो आहे ते मला दिसत नव्हतं, आपण उजेडातच शिरतो आहोत असं वाटत होतं. सर माझ्या पाठीमागे बसून बोलू लागले, एरवी वर्गात बोलत असतील तसे, सलग.

लग्नाची वरात आण्याहून ट्रकमधून आली. नवरी दमून घाटातच झोपली. डोळे उघडले ते वारूळवाडीत, दारातच. उतरली तेव्हा तिची दिशा फिरली होती. दुसऱ्या दिवशी तिनं सूर्य मावळतीला उगवताना पाहिला आणि ती भ्याली.

"मी नवा मास्तर. म्हटलं, हे काय, दुरुस्त करू. कंपास दाखवला, नकाशा दाखवला. तिला पटायचं. मग आण्याला नेलं आणि येताना यष्टीत झोपू दिलं न्हाई. दर वळणाला विचारायचो, आता माहेर कुठं? बरोबर दाखवायची. नदीच्या पुलापर्यंत बरोबर. पूल ओलांडला की गर्रकन फिरायचं. रडायला लागली. म्हणाली, डोक्याला कळतंय हो, अंगाला कळत न्हाई."

"मग?"

"मग काय. एका घरात दोन पूर्वा. ती म्हणायची मीठ पूर्वेच्या फळीवर, मी भलत्याच फळीवर हात घालायचो. तिचं अंग वळंना. म्हटलं, मला तर वळता येतंय."

उसाचा पट्टा संपला आणि एक मोकळं रान आलं. पीक निघालेल्या त्या रानात मेंढरं बसवली होती. आमच्याकडे खतासाठी शेतकरी कळपवाल्यांना रानात मुक्कामाला बोलावतात. जाळी लावलेली, बाहेर घोडं बांधलेलं, तीन दगडांची चूल पेटलेली. चुलीपाशी कौसाबाई बसल्या होत्या. चपला शेजारी नीट जोडून ठेवलेल्या. मांडीवर कोकरू.

कळपाची बाई उठून आली. "तुमच्या हायती का? मघाधरनं म्हणत्यात, आणं आलं, आणं आलं. म्या म्हटलं, हो आजी, आलं. चहा दिलाय."

सर स्कूटरवरून उतरले. मग जाऊन कौसाबाईंच्या शेजारी जमिनीवर बसले.

त्यांनी सरांकडे पाहिलं. ओळखलं. "आलात व्हय? आई न्हाई घरात. मेंढरं आली पण."

"येईल. पाण्याला गेली असंल."

"बसा मंग."

सर बसून राहिले. सूर्य पुरता गेला. मी सुदामभाऊंना फोन केला, सापडल्या म्हणून सांगितलं. कुठे, असं त्यांनी विचारलं. मी जागा सांगितली. ती त्यांनी मला पुन्हा सांगायला लावली.

निघताना सर म्हणाले, "चल, आता घरी जाऊ. मावळतीकडं."

कौसाबाईंनी मागे वळून तांबूस आभाळाकडे पाहिलं, मग समोरच्या अंधारत्या वाटेकडे. "उजेडाकडं पाठ करून?"

"आपल्याकडं तसंच असतं," सर म्हणाले आणि त्यांच्या पायांत चपला सरकवल्या.

दुसऱ्या दिवशी मी सरांना एवढंच विचारलं, की हे आम्हाला कधीच का सांगितलं नाही. ते म्हणाले, "मोजणीत चूक रोज वेगळी असली तर माणूस बुडतो. रोज तेवढीच असली तर ती धरून कुठंही जाता येतं. आता तिच्याकडं एवढीच गोष्ट जागची उरलीय. लोकांनी हसून ती बी हलवली असती." मग बंबाकडे बोट करून म्हणाले, "ते फिरवून घ्या म्हणतो सुदाम. पण ती खालनं रोज बघती. म्हणती, हे तेवढं नीट बसवलंय."

सुदामभाऊ त्या प्रकारानंतर आठवडाभर सरांकडे फिरकले नाहीत. नंतर एका सकाळी टोमॅटोचा क्रेट खांद्यावर घेऊन आले. सर अंगणात पश्चिमेचं कोवळं ऊन खात होते. कौसाबाई ओट्यावर होत्या.

"कुठं ठिवू काकू?"

"पूर्वेच्या भिंतीला ठेवा. ऊन लागंल न्हाईतर."

सुदामभाऊ फाटकात थांबले. सूर्याकडे त्यांनी एकदा पाहिलं. मग आत आले, पायाने फाटक लोटून घेतलं आणि सूर्याकडे पाठ करून अंगण ओलांडून पलीकडच्या भिंतीला, पत्र्याच्या सावलीत, क्रेट उतरवला.

"हितंच ना?"

"हितंच," कौसाबाई म्हणाल्या.

सरांनी पेपराचं पान उलटलं.